कोनावर उभं राहून बघा

वाचकांचे प्रश्न, गणिताच्या बाईंची उत्तरं

या खेपेच्या पत्रांत काटकोन त्रिकोण पुन्हा पुन्हा आला. कुठे एखादी बाजू अडलेली, कुठे कोन. बहुतेक पत्रांसोबत आकृती नव्हती, म्हणून प्रत्येक पत्र वाचताना मी शेजारी कोरा कागद घेतला आणि आकृती काढत गेले. निम्म्याहून जास्त प्रश्नांची उत्तरं मला त्या कागदावरच दिसली. म्हणून उत्तरं देताना मी तुम्हालाही सारखी पेन्सिल हातात घ्यायला लावणार आहे.

प्रश्न : बाई, मी दहावीत आहे. त्रिकोण अबक मध्ये कोन ब काटकोन होता. अब ८, बक १५ आणि अक १७ सें.मी. कोन क काढायचा होता. साइन म्हणजे लंब भागिले कर्ण, म्हणून मी १५ भागिले १७ केलं आणि उत्तर ६१.९३ अंश लिहिलं. पुस्तकाच्या मागे २८.०७ आहे. माझं सूत्र तर बरोबर होतं, मग चुकलं कुठे? आकृतीत बक ही बाजू उभी होती.

उत्तर : तू शेवटी लिहिलेलं वाक्य मला फार उपयोगी पडलं. बक उभी होती, म्हणून तू तिला लंब म्हणालास. उभी ती लंब, आडवी तो पाया आणि तिरका तो कर्ण, ही नावं आपल्या डोक्यात लवकर बसतात आणि नंतर त्रास देतात. त्रिकोणाला वर-खाली कळत नाही. कागद पाव फेरा फिरव, उभी बाजू आडवी होईल. कोन क त्याने बदलला का? नाही. मग त्याचं साइन तरी कसं बदलेल?

मी शिकवत होते तेव्हा माझ्या टेबलाच्या खणात पुठ्ठ्याचा एक त्रिकोण असायचा. बाजू १५, २० आणि २५ सेंटिमीटर. कडा हाताळून हाताळून मऊ पडल्या होत्या. ज्या मुलाचा असा गोंधळ व्हायचा त्याच्या हातात तो देऊन मी म्हणायची, ज्या कोनाबद्दल विचारलंय त्या टोकावर अंगठा ठेव. अंगठ्याला जी बाजू शिवत नाही, ती त्या कोनाची संमुख बाजू. शिवणाऱ्या दोन बाजूंपैकी एक कर्ण आहे, कारण तो काटकोनासमोर असतो आणि सगळ्यांत लांब असतो. उरली ती लगतची. आता अंगठा दुसऱ्या टोकदार कोनावर ने. मघाची संमुख आता लगतची झाली, आणि लगतची होती ती संमुख. कर्ण तेवढा जागचा हलला नाही.

तूही तसंच कर. अंगठा क वर ठेव. न शिवणारी बाजू अब, म्हणजे ८. साइन म्हणजे संमुख भागिले कर्ण, म्हणून साइन क = ८ / १७ = ०.४७०६, आणि कोन २८.०७ अंश. तू काढलेला ६१.९३ हा कोन खोटा नाही. तो कोन अ आहे. तू क बद्दलच्या प्रश्नाला अ वर उभा राहून उत्तर दिलंस, एवढंच झालं.

ही चूक पुस्तकामागचं उत्तर न बघता पकडता येते, आणि ते मला जास्त महत्त्वाचं वाटतं. त्रिकोणात लहान बाजूसमोर लहान कोन असतो. ८ ही सगळ्यांत लहान बाजू. तिच्यासमोरचा कोन तिघांत लहान असायला हवा. ६१.९३ तिथे बसूच शकत नाही. दुसरा ताळा याहून सोपा आहे. साइन ३० अंश म्हणजे बरोबर अर्धा, हे तुला पाठ आहे. ८ ही बाजू १७ च्या निम्म्याहून थोडी कमी, म्हणजे कोन ३० हून थोडा कमी. कॅल्क्युलेटरला हात लावण्याआधीच उत्तर २८ च्या आसपास येणार, हे तुला ठाऊक असेल.

तुझ्या वयाच्या मुलांची आणखी एक चूक मी वर्षानुवर्षं पाहिली आहे, तीही इथेच सांगते. कोन ३५ अंश, संमुख बाजू ९, कर्ण काढा. मुलं साइन ३५ शोधतात, ०.५७३६ मिळतं आणि लगेच ९ ला त्याने गुणतात. उत्तर ५.१६. कर्ण ५.१६ आणि बाजू ९? कर्ण सगळ्यांत लांब असतो हे ज्याच्या डोळ्यांसमोर आहे, तो इथे थबकेल. आधी समीकरण पूर्ण लिहायचं, साइन ३५ = ९ / कर्ण, आणि मग कर्ण = ९ / ०.५७३६ = १५.६९. अज्ञात संख्या छेदात असली की घाई नडते.

आणि जमेल तितकं प्रश्नात दिलेल्या आकड्यांवरूनच पुढे जा. समज, कर्ण २३ आणि कोन ३७ अंश आहे. संमुख बाजू २३ × ०.६०१८ = १३.८४. आता लगतची बाजू पायथागोरसने काढायचा मोह होतो, पण १३.८४ हा आधीच थोडा कापलेला आकडा आहे. त्यापेक्षा कोसाइन, म्हणजे लगतची भागिले कर्ण, वापर. २३ × ०.७९८६ = १८.३७. मग पायथागोरस ताळ्यासाठी मोकळा राहतो. १३.८४ चा वर्ग १९१.५५, १८.३७ चा ३३७.४६, बेरीज ५२९.०१; आणि २३ चा वर्ग ५२९. दोन वेगळ्या वाटांनी एकाच ठिकाणी पोचलास की उत्तरावर निर्धास्त विश्वास ठेव.

प्रश्न : मुलीचा अभ्यास घेते. सायंटिफिक कॅल्क्युलेटरवर साइन ३० केलं की उणे ०.९८८ येतं. यंत्र बिघडलंय का?

उत्तर : यंत्र ठीक आहे. ते ३० अंश समजत नाहीये, ३० रेडियन समजतंय. रेडियन हे कोन मोजायचं दुसरं माप. पडद्याच्या वरच्या कडेला बारीक अक्षरांत ‘रॅड’ किंवा नुसतं ‘आर’ दिसेल, ते मोडच्या बटणाने ‘डिग्री’वर आणा. काही यंत्रांत ‘ग्रॅड’ नावाचं तिसरं मापही असतं. त्यात काटकोनाचे १०० भाग धरतात आणि साइन ३० ला ०.४५४ उत्तर येतं. हे जास्त घातक, कारण ते दिसायला खरं वाटतं. मुलीला सवय लावा, यंत्र हातात घेतलं की पहिलं काम साइन ३० करून बघणं. ०.५ आलं तरच पुढे.

जाता जाता आणखी एक. साइनच्या डोक्यावर उणे एक लिहिलेलं बटण कोन परत देतं. ते ‘एक भागिले साइन’ नाही. साइन ३० चा व्यस्त २ आहे; ०.५ चं उलट साइन ३० अंश आहे. दोन्ही वेगळ्या गोष्टी.

प्रश्न : आईला आता चाकांची खुर्ची लागते. दारापुढे तीन पायऱ्या आहेत, प्रत्येकी १५ सें.मी. उंच. त्यावर उताराची फळी बसवायची आहे. उतार १ ला १२ असावा असं सगळे सांगतात. मी १२ अंश धरून हिशेब केला तर फळी साधारण २ मीटर १६ सें.मी. येते. सव्वादोन मीटरची फळी घेऊ का?

उत्तर : घेऊ नका. बरं झालं, आधी विचारलंत. १ ला १२ म्हणजे १२ अंश नव्हेत. जमिनीवरून १२ पुढे गेलं की १ वर चढायचं, असा त्याचा अर्थ. कोनाच्या भाषेत तो उतार ४.७६ अंशांचा आहे, कारण टॅन (संमुख भागिले लगतची) = १ / १२ = ०.०८३३. काही जण तोच उतार टक्क्यांत सांगतात, ८.३३ टक्के. एकाच चढाची तीन नावं आहेत आणि ऐकणारा ती सहज एकमेकांत मिसळतो. टक्क्यांचा उतार आणि अंश यांत तर आणखी फसगत होते. १०० टक्के उतार म्हणजे भिंतीसारखा सरळ, असं पुष्कळांना वाटतं. तो फक्त ४५ अंशांचा असतो, जितकं पुढे तितकं वर.

तुमची आकृती काढू. उभी बाजू तीन पायऱ्यांची, ४५ सें.मी. आडवी बाजू तिच्या बारापट, ५४० सें.मी. या दोन बाजूंमध्ये काटकोन. फळी म्हणजे कर्ण. ५४० चा वर्ग २,९१,६०० आणि ४५ चा वर्ग २,०२५, बेरीज २,९३,६२५, वर्गमूळ ५४१.९. म्हणजे फळी साधारण ५ मीटर ४२ सें.मी. हवी, तुम्ही धरलीत त्याच्या अडीचपट. इतकी लांब फळी मध्ये वाकेल, तेव्हा तिला खालून टेकू लागतील आणि त्या टेकूंची उंचीही हाच त्रिकोण देतो. खालच्या टोकापासून जमिनीवर १८० सें.मी. अंतरावर टेकूची उंची १८० / १२ = १५, आणि ३६० वर ३०. फळीची जाडी यातून वजा करायला विसरू नका, हे माप फळीच्या वरच्या पृष्ठाचं आहे. सरळ पाच-साडेपाच मीटर जागा नसेल तर मध्ये सपाट टप्पा घेऊन उतार वळवावा लागतो. तेव्हा दोन त्रिकोण होतील, दोन्हींत तेच १ ला १२.

१२ अंशांचा उतार का नको, तेही याच त्रिकोणातून समजतं, आणि ते तुम्ही मनाशी पक्कं करावं असं मला फार वाटतं. आई आणि खुर्ची मिळून १०० किलो धरा. चढावर खुर्ची मागे घसरू नये म्हणून जेवढं बळ लावावं लागतं ते वजनाच्या साइनपट असतं. ४.७६ अंशांवर ते सुमारे ८ किलो उचलण्याइतकं आहे. १२ अंशांवर साइन ०.२०७९, म्हणजे जवळजवळ २१ किलो. ढकलणाऱ्याचा पाय जरा सटकला तरी ते सगळं ओझं मागे येणार. उतरताना तर ते पुढे ओढणार. १ ला १२ या आकड्यामागे हा हिशेब आहे.

बसवताना चौकटीचे काटकोन तपासायला गुण्या नसला तरी चालेल. कोपऱ्यापासून एका बाजूवर ६० सें.मी.वर खूण करा, दुसऱ्या बाजूवर ८० वर. दोन खुणांमधलं तिरकं अंतर बरोबर १०० भरलं तर कोपरा काटकोनात आहे. १०० हून जास्त भरलं तर कोपरा उघडलाय, कमी भरलं तर मिटलाय.

प्रश्न : आम्ही दोघं मित्र मिळून उतरत्या फळीवर गोटी सोडण्याचा प्रयोग करतो. फळी २५० सें.मी. तिची जमिनीवरची आडवी लांबी मी २४९.९ मोजली, मित्राने २४९.८. कोसाइनवरून माझा कोन १.६२ अंश आला, त्याचा २.२९. एका मिलिमीटरने एवढा फरक कसा?

उत्तर : छान प्रयोग आणि त्याहून छान प्रश्न. दोघांचं गणित बरोबर आहे. निवडलेली बाजू चुकीची आहे.

मघाच्या उत्तरातली फळी आठव. आडवी बाजू ५४०, कर्ण ५४१.९, फरक दोन सेंटिमीटरही नाही. कोन लहान असला की कर्ण आणि लगतची बाजू जवळजवळ एकमेकींवर पडतात. त्यामुळे कोन बराच बदलला तरी त्यांचं गुणोत्तर हलत नाही. कोसाइन ० अंशाला १ असतं आणि २ अंशांना ०.९९९४. दोन अंशांत फक्त ०.०००६ चा फरक! तुम्ही त्या एवढ्याशा फटीतून कोन ओढून काढताय, म्हणून एक मिलिमीटर तिथे डोंगर होतो.

आता उंची मोजा. तुझ्या मापाने ती ७.०७ सें.मी. यायला हवी. मोजताना एक मिलिमीटर चुकलं आणि ७.१७ आली, तर साइनवरून कोन १.६४. फरक फक्त ०.०२ अंशाचा. तोच मिलिमीटर, पण चूक जवळजवळ तीसपट कमी. लहान कोनाला संमुख बाजू मोजावी. कोन ९० च्या जवळ असेल तर उलट, तिथे लगतची बाजू मोजावी. कागदावरच्या गणितात तिन्ही गुणोत्तरं सारखीच कामाची वाटतात. पट्टी हातात घेतली की त्यांच्यातला फरक कळतो.

प्रश्न : तिन्ही कोन ९०, ५२ आणि ३८ अंश आहेत. बाजू कशा काढू?

उत्तर : निघणार नाहीत. हेच कोन असलेला त्रिकोण नखाएवढाही असतो आणि मैदानाएवढाही. तुम्हाला बाजूंचं प्रमाण मिळेल. कर्ण १०० धरला तर ५२ अंशांसमोरची बाजू ७८.८० आणि ३८ अंशांसमोरची ६१.५७. एक तरी लांबी कळली की सगळं उलगडेल. काटकोनाखेरीज दोन गोष्टी हव्यात आणि त्यातली एक बाजू हवीच.

प्रश्न : आजोबांच्या जुन्या गणिताच्या वहीत साइनऐवजी ‘ज्या’ आणि कोसाइनऐवजी ‘कोज्या’ लिहिलंय. ज्या म्हणजे काय?

उत्तर : ती वही जपून ठेवा. ज्या म्हणजे धनुष्याची दोरी. वर्तुळाचा एक तुकडा घ्या, तो धनुष्यासारखा दिसतो. त्याला चाप म्हणतात. त्याची दोन टोकं जोडणारी रेघ ही दोरी, म्हणजे ज्या. आता वर्तुळाच्या केंद्रातून दोरीच्या मधोमध रेघ काढा. ती दोरीला काटकोनात भेटते. अर्धी दोरी, त्रिज्या आणि ही रेघ मिळून काटकोन त्रिकोण झाला. त्रिज्या हा कर्ण, अर्धी दोरी ही केंद्रातल्या कोनाची संमुख बाजू. त्रिज्येच्या मानाने ही अर्धी दोरी, म्हणजे अर्धज्या, तेच साइन; तिलाच थोडक्यात ज्या म्हणतात.

आर्यभटाने ४९९ च्या सुमारास अशा अर्धज्यांची सारणी दिली. काटकोनाचे २४ समान भाग केले, प्रत्येक भाग ३ अंश ४५ कलांचा (एक कला म्हणजे अंशाचा साठावा भाग). त्रिज्या धरली ३४३८. हा आकडा विचित्र वाटतो, पण वर्तुळात ३६० × ६० = २१,६०० कला असतात आणि परिघ २१,६०० असेल तर त्रिज्या ३४३८ च्या जवळ येते. म्हणजे चाप आणि दोरी दोन्ही एकाच मापाने मोजता येतात. त्यामुळे सारणीतली पहिलीच नोंद २२५ कलांच्या चापाला २२५ ची ज्या, अशी आहे. कोन लहान असला की धनुष्याचा बाक आणि दोरी जवळजवळ सारखीच. आणि ३० अंशांसमोर १७१९, बरोबर ३४३८ च्या निम्मे. मी ही सारणी पहिल्यांदा पाहिली तेव्हा तो १७१९ बघून मला किती आनंद झाला होता, सांगता येणार नाही. फळ्यावर रोज लिहायची तोच अर्धा तिथे होता.

ज्या या शब्दाला जीवा असंही म्हणत. अरबी ग्रंथांत तो ‘जिब’ झाला. अरबी लिहिताना ऱ्हस्व स्वर गाळतात, त्यामुळे पुढे वाचणाऱ्यांनी तो ‘जैब’ असा वाचला. त्याचा अर्थ कपड्याची चुणी किंवा खिसा. बाराव्या शतकात लॅटिनमध्ये भाषांतर झालं तेव्हा त्या अर्थाचा ‘सायनस’ शब्द वापरला गेला, आणि त्याचं साइन होऊन तो आपल्याकडे परत आला.

कोज्या हा कोटिज्येचा संक्षेप. दोन कोनांची बेरीज ९० असली की ते कोटिकोन. काटकोन त्रिकोणातले दोन लघुकोन नेहमी कोटिकोन असतात. म्हणून एकाची कोज्या म्हणजे दुसऱ्याची ज्या. कोसाइन ३७ आणि साइन ५३ एकच, ०.७९८६. पहिल्या पत्रातल्या मुलाने हे वाचावं. अंगठा एका कोनावरून दुसऱ्यावर नेला की संमुख आणि लगतची यांची अदलाबदल होते, तीच गोष्ट या शब्दात आहे.

प्रश्न : मुलाच्या सराव-प्रश्नपत्रिकेत असं होतं : काटकोन त्रिकोणाचा कर्ण १२ सें.मी. आणि काटकोनाच्या शिरोबिंदूतून कर्णावर टाकलेला लंब ७ सें.मी. आहे, तर क्षेत्रफळ काढा. छापील उत्तर ४२ चौ.सें.मी. मुलगा आकृती काढायला बसला आणि ‘असा त्रिकोण बसतच नाही’ म्हणतो. त्याला शिकवणारे म्हणतात, पाया गुणिले उंची भागिले दोन, ४२ च येतं, आकृतीच्या नादी लागू नकोस. कोण बरोबर?

उत्तर : तुमचा मुलगा. त्याला माझ्यातर्फे शाबासकी द्या. आणि आकृतीच्या नादी त्याने लागावंच.

त्याच्यासोबत हे करून बघा. कुठल्याही कागदाचा कोपरा तिरका कापून घ्या. कोपरा काटकोनी असतो, त्यामुळे हातात आला तो काटकोन त्रिकोण. आता एक टोकदार कोपरा उचलून काटकोनाच्या कोपऱ्यावर आणा आणि घडी दाबा. दुसरा टोकदार कोपराही तसाच आणून काटकोनावर टेकवा. कागदाचा आता दुपदरी आयत झाला आणि दोन्ही घड्या कर्णाच्या एकाच बिंदूवर येऊन भेटल्या. तो कर्णाचा मध्यबिंदू. घडीत दोन्ही टोकं काटकोनाच्या कोपऱ्यावर येऊन बसली, म्हणजे मध्यबिंदूपासून तिन्ही शिरोबिंदू सारख्याच अंतरावर आहेत, कर्णाच्या निम्म्या अंतरावर. तुमच्या गणितात कर्ण १२, म्हणजे काटकोनाचा कोपरा कर्णाच्या मध्यापासून ६ सें.मी.वर.

एखाद्या बिंदूपासून रेषेपर्यंतचं सगळ्यांत कमी अंतर म्हणजे लंब. कोपऱ्यापासून कर्णावरच्या एका बिंदूपर्यंतचं अंतर ६ आहे, हे आत्ताच दिसलं. मग लंब ६ हून जास्त कसा होईल? ६ किंवा त्याहून कमीच. ७ अशक्य.

बीजगणितही हेच सांगतं. लघुकोनांसमोरच्या दोन बाजूंच्या फरकाचा वर्ग = कर्णाचा वर्ग वजा क्षेत्रफळाची चौपट. इथे १४४ − १६८ = उणे २४. कुठल्याही लांबीचा वर्ग उणे येत नाही.

पाया गुणिले उंची भागिले दोन हे सूत्र खरंच आहे, पण त्रिकोण अस्तित्वात आहे की नाही ते विचारायचं काम त्याचं नाही. ते काम प्रश्न काढणाऱ्याचं. हे मी एका मुलीकडून शिकले. नोकरीच्या पहिल्या काही वर्षांत मी फळ्यावर असंच एक गणित मनाने रचून लिहिलं होतं, कर्ण १०, लंब ६. सगळ्या वर्गाने ३० लिहून वह्या मिटल्या. मागच्या बाकावरची ती मुलगी कंपास घेऊन खोडत आणि काढत बसली होती. तास संपताना ती वही घेऊन पुढे आली. कर्णाला व्यास धरून तिने अर्धवर्तुळ काढलं होतं, कारण काटकोनाचा कोपरा त्यावरच पडतो, आणि वर ६ सें.मी.वर एक समांतर रेघ. रेघ वर्तुळाला कुठेच शिवत नव्हती. ‘बाई, हा बसत नाही,’ एवढंच ती म्हणाली. मी दुसऱ्या दिवशी वर्गात सगळ्यांसमोर माझं गणित खोडलं आणि तिची आकृती फळ्यावर काढली. तेव्हापासून आकृती काढून बघितल्याशिवाय मी एकही गणित मुलांना दिलं नाही. शिकवणाऱ्यांना हा मजकूर दाखवायला हरकत नाही. चूक प्रश्न रचणाऱ्याची आहे, त्यांची नाही.

मुलाला सांगा, आता लंब ५ घे आणि पुन्हा काढ. क्षेत्रफळ ३०. दोन बाजूंच्या बेरजेचा वर्ग = कर्णाचा वर्ग अधिक क्षेत्रफळाची चौपट, म्हणजे १४४ + १२० = २६४, म्हणून बेरीज १६.२५. फरकाचा वर्ग १४४ − १२० = २४, म्हणून फरक ४.९०. बाजू १०.५७ आणि ५.६७. लहान बाजूसमोरचा कोन २८.२ अंश, दुसरा ६१.८. अर्धवर्तुळावर ५ सें.मी. उंचीची समांतर रेघ मारली की ती दोन ठिकाणी छेदेल आणि दोन त्रिकोण मिळतील. ते दोन वेगळे आहेत की एकच त्रिकोण आरशात पाहिल्यासारखा उलटलेला आहे, ते त्याने अंगठा ठेवून ठरवावं आणि मला लिहून कळवावं.